काल्पनिक कालगणना

काल्पनिक कालगणना : अद्भुतरम्य कथा, खेळ किंवा चित्रपट यांतील कल्पित जगासाठी रचलेली दिवस, महिने, वर्षे आणि शक मोजण्याची पद्धत. वाचकाच्या नजरेत प्रथम भरतात ती महिन्यांची नावे. कालगणनेचा खरा कस मात्र लागतो तो भागाकारात उरणाऱ्या बाकीपाशी.

दिवस ठरतो ग्रहाच्या परिवलनाने, वर्ष परिभ्रमणाने आणि महिना चंद्राच्या कलांनी. या तिन्ही गतींचा हिशेब पूर्णांकात जुळावा, असे काही कारण नाही. पृथ्वीवर सायन वर्ष, म्हणजे ऋतुचक्राचे वर्ष, सु. ३६५.२४२२ दिवसांचे आणि चांद्रमास सु. २९.५३०६ दिवसांचा असतो. म्हणजे बारा चांद्रमास वर्षाला जवळजवळ ११ दिवसांनी कमी पडतात. हिजरी कालगणना ही तूट भरून काढत नाही, त्यामुळे तिचे महिने सु. ३३ वर्षांत सगळ्या ऋतूंतून फिरून येतात. चांद्रसौर पद्धतींत साधारण १९ वर्षांत ७ अधिकमास धरले जातात. कल्पित जगाचे वर्ष नेमके ३६० दिवसांचे ठरवले की लेखक या कटकटीतून सुटतो खरा; पण अधिकमास कोणी जाहीर करायचा, त्या महिन्याचे व्याज द्यायचे की नाही, असे कथेला खाद्य पुरवणारे प्रश्नही त्याच्या हातून जातात.

या उरणाऱ्या बाकीचा सर्वांत देखणा उपयोग इंग्रज लेखक जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘शायर’ कालगणनेत दिसतो. शायर हा त्यांच्या कथेतल्या हॉबिट नावाच्या बुटक्या लोकांचा प्रदेश. ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’च्या १९५५ मध्ये निघालेल्या तिसऱ्या खंडाच्या परिशिष्टात ती तपशिलाने दिली आहे. हॉबिटांचे बाराही महिने ३० दिवसांचे. उरलेले पाच दिवस कोणत्याच महिन्यात मोडत नाहीत : दोन हिवाळ्यात, जुने वर्ष संपताना आणि नवे लागताना, तीन ऐन उन्हाळ्यात. लीप वर्षी उन्हाळ्यातल्या दिवसांत आणखी एकाची भर पडते. यातला वर्षाचा मधला दिवस आणि हा लीप दिवस यांना वारच नाही. राहिलेल्या ३६४ दिवसांचे बरोबर ५२ आठवडे होतात आणि कोणत्याही तारखेला दरवर्षी तोच वार येतो. या मांडणीत एकही महिना शुक्रवारी सुरू होत नाही. म्हणून ‘पहिल्या तारखेच्या शुक्रवारी’ म्हणजे कधीच नाही, अशी थट्टा हॉबिटांत रूढ आहे. आकडेमोडीतून थट्टा निघावी, इतके ते पंचांग त्यांच्या अंगवळणी पडलेले दाखवले आहे. इतर कल्पित कालगणनांत हे क्वचितच साधते.

वार नसलेला दिवस प्रत्यक्षात मात्र लोकांच्या पचनी पडला नाही. विसाव्या शतकात अशा दिवसांची जागतिक दिनदर्शिका सुचवली गेली, तेव्हा सात दिवसांचे धार्मिक चक्र तुटते म्हणून तिला कडाडून विरोध झाला. फ्रेंच प्रजासत्ताकाने १७९३ मध्ये दहा दिवसांचा आठवडा आणला आणि विश्रांतीचा दिवस सातव्याऐवजी दहाव्या दिवशी गेला. १८०६ च्या आरंभी ती दिनदर्शिका रद्द झाली. कल्पित सम्राट एका फर्मानाने आठवडा बदलतो आणि दुसऱ्या दिवशी सगळे निमूट कामाला लागतात, हे म्हणूनच पटत नाही.

आकाशात दोन चंद्र ठेवणे हा आवडता प्रकार आहे. एकाच्या कलांचे चक्र २८ दिवसांचे आणि दुसऱ्याचे ३३ दिवसांचे असेल, तर दोन्ही पौर्णिमा एकत्र येण्याचा योग ९२४ दिवसांनी जुळतो. चक्रांचा असा मेळ मध्य अमेरिकेतील प्राचीन माया लोकांच्या कालगणनेत होता : २६० आणि ३६५ दिवसांची चक्रे १८,९८० दिवसांनी, म्हणजे ३६५ दिवसांच्या ५२ वर्षांनी, पुन्हा एकत्र येत. भरती-ओहोटीचे गणितही दोन चंद्रांमुळे बदलते, याचा मात्र बहुतेक लेखकांना विसर पडतो.

ऋतू येतात ते प्रामुख्याने ग्रहाचा अक्ष कललेला असल्यामुळे. अक्ष सरळ आणि कक्षा वर्तुळाकार असेल तर शेतकऱ्याला वर्ष मोजण्याची गरजच फारशी उरत नाही. कक्षा लंबवर्तुळाकार असेल तर ऋतूंची लांबी असमान होते. मंगळाच्या उत्तर गोलार्धात वसंत सु. १९४ मंगळ-दिवसांचा, तर शरद सु. १४२ दिवसांचा असतो.

शकारंभ ठरवणे त्या मानाने सोपे : राज्यारोहण, नगराची स्थापना किंवा प्रलय. तिथे खगोलापेक्षा सत्ता बोलते. अपवादही आहेत. टॉमस गँगेल यांनी १९८५ मध्ये मंगळासाठी रचलेल्या २४ महिन्यांच्या दारियन दिनदर्शिकेचा आरंभ आधी १९७० च्या दशकातील यानांच्या काळाशी जोडलेला होता. पुढे तो १६०९ पर्यंत मागे नेला गेला, म्हणजे दुर्बिणीतून झालेल्या मंगळाच्या जुन्या निरीक्षणांना ऋण वर्षे लावावी लागत नाहीत.