हुकलेला रसायनतज्ज्ञ

पुढं फ्रेंच सिनेमाचा छायांकनकार झालेल्या राउल कुतारला खरं तर रसायनशास्त्र शिकायचं होतं. १९२४ साली पॅरिसमध्ये जन्मलेल्या या मुलाला ते शिक्षण परवडेना, म्हणून तो फोटो धुणाऱ्या प्रयोगशाळेत कामाला लागला. १९४५ मध्ये इंडोचायनात (आजचे व्हिएतनाम, लाओस, कंबोडिया) गेला आणि तिथं बरीच वर्षं युद्धाचे फोटो काढत राहिला. १९५६ साली दिग्दर्शक पिअर शोंडर्फरनं त्याला अफगाणिस्तानातल्या एका चित्रपटासाठी बोलावलं. काम साध्या फोटोंचं असेल असं समजून यानं होकार दिला, म्हणे! सिनेमाचा कॅमेरा त्यानं तोवर चालवलाच नव्हता.

१९५९ मध्ये दिग्दर्शक ज्याँ-लुक गोदारच्या 'आ बू द सूफ्ल' या चित्रपटाच्या छायांकनाची वेळ आली. गोदारला पॅरिसच्या रस्त्यांवर, रात्रीसुद्धा, दिव्यांचा लवाजमा न लावता चित्रण करायचं होतं. अडचण फिल्मची होती. फिल्मवर सिल्व्हर हॅलाइडचे बारीक स्फटिक असतात. स्फटिक मोठा असेल तर तो जास्त प्रकाश टिपतो आणि अंधुक उजेडातही चित्र उमटतं. मात्र ते दाणेदार दिसतं. कुतारला ४०० एएसएची (एएसए म्हणजे फिल्मच्या प्रकाश-संवेदनशीलतेचं माप) इलफोर्ड एचपीएस फिल्म हवी होती, पण ती मिळायची फक्त फोटोच्या कॅमेऱ्यासाठी, साडेसतरा मीटरच्या रिळांत. सेकंदाला २४ चौकटी या वेगानं असं रीळ जेमतेम ३८ सेकंदांत संपतं. मग काय, रिळाला रीळ जोडलं! कडेच्या छिद्रांचं माप सिनेमाच्या फिल्मपेक्षा वेगळं, त्यामुळे कॅमेराही ती फिल्म ओढू शकणारा हवा. कॅमेफ्लेक्स या कॅमेऱ्यानं ती ओढली, पण त्याची घरघर एवढी की संवाद नंतर ध्वनिमुद्रित करावे लागले.

धुलाईत फेनिडोन हे रसायन वापरून फिल्मची संवेदनशीलता दुप्पट, म्हणजे ८०० एएसएपर्यंत नेली. डेव्हलपर, म्हणजे फिल्म धुण्याचं रसायन, एरवी पुरेसा प्रकाश लागलेल्या स्फटिकांचीच काळी चांदी करतो. इथं निसटता प्रकाश लागलेले स्फटिकही कामाला आले. मला तर या चित्रपटातली सर्वांत धाडसी करामत हीच वाटते, कॅमेरा घेऊन व्हीलचेअरवर बसून केलेल्या चित्रणापेक्षाही.

पुढं खोल्यांत त्यानं दिवे छताकडे वळवले. छतावरून विखुरलेला उजेड सगळीकडे जवळपास सारखा पडतो, त्यामुळे नटांना खोलीभर मोकळं फिरता येतं.

१९७८ साली त्याला छायांकनाचा सेझार हा फ्रेंच चित्रपट पुरस्कार मिळाला, 'ल क्राब-तांबूर'साठी. दिग्दर्शक तोच, शोंडर्फर.