पोंसले नावाचं एक माप

भाच्याला मोटरसायकल घ्यायची होती, म्हणून दिवाळीच्या आधी आम्ही दोघं बेळगावात शोरूम हिंडत होतो. दोन गाड्या त्याच्या मनात भरल्या होत्या. एकीच्या माहितीपत्रकावर ताकद लिहिली होती '२० पीएस', दुसरीच्या '१९.७ बीएचपी'. बाहेर चहाच्या गाड्यावर त्यानं विचारलं, "मामा, मग पहिलीच पावरफुल की ओ?"

चहाच्या कागदी कपावर मी हिशेब मांडला. २० पीएस म्हणजे १४.७ किलोवॅट. १९.७ बीएचपी म्हणजेही १४.७ किलोवॅट. दोन्ही इंजिनांची ताकद एकच. आकडे वेगळे दिसतात कारण एका कंपनीनं एका घोड्यानं मोजलं, दुसरीनं दुसऱ्या घोड्यानं.

पीएस ही 'फेर्डेश्टेर्के' या जर्मन शब्दाची खूण. फेर्ड म्हणजे घोडा, श्टेर्के म्हणजे ताकद. आपली अश्वशक्तीच, पण मेट्रिक. बीएचपी म्हणजे 'ब्रेक हॉर्सपॉवर'. त्यातला घोडा ब्रिटिश, फूट आणि पौंडातला. त्याचा जन्म जेम्स वॅटच्या हिशेबातून झाला: मिनिटाला ३३,००० पौंड वजन एक फूट उचलणारा तो एक घोडा. हेच मेट्रिकमध्ये आणलं तर सेकंदाला ७६.०४ किलो वजन एक मीटर वर. युरोपातल्या इंजिनिअरांनी अपूर्णांक टाकून सरळ ७५ धरले. म्हणून मेट्रिक घोडा ७३५.५ वॅटचा आणि ब्रिटिश घोडा ७४५.७ वॅटचा. शंभरात दीडचासुद्धा फरक नाही. जर्मनीत पीएस हे माप १९७८ पासून कायद्यानं बाद झालं, तरी गाड्यांच्या जाहिरातीत ते अजून पळतंय, कारण त्यानं आकडा थोडा मोठा दिसतो.

पण मेट्रिक पद्धतीत ७५ हा आकडा खड्यासारखा टोचतो. जिथं सगळं दहा, शंभर, हजारात चालतं तिथं हे पाऊणशे कुठून आले? एकोणिसाव्या शतकातल्या फ्रेंच इंजिनिअरांनाही तो टोचला. त्यांनी शंभराचंच माप केलं: सेकंदाला १०० किलो वजन एक मीटर वर उचलायला लागणारी शक्ती. त्याला नाव दिलं पोंसले.

वर्गात मी हे नाव पहिल्यांदा उच्चारलं तेव्हा मागच्या बाकावरून लगेच प्रश्न आला, "भोसले, सर?" नाही, पोंसले. फ्रेंच माणसाचं आडनाव आहे, पण आपल्या कानाला इतकं ओळखीचं वाटतं की मुलं ते आजतागायत विसरलेली नाहीत. एक पोंसले म्हणजे ९८०.६६५ वॅट, जवळपास एक किलोवॅट. आणि तीन पोंसले म्हणजे बरोबर चार मेट्रिक घोडे.

हे माप फार काळ टिकलं नाही. वॅट आला आणि १९६० साली एसआय पद्धत ठरल्यावर वजनावर आधारलेली अशी सगळी मापं मागे पडली. ते योग्यच झालं. तरीही मला पोंसले मनापासून आवडतं, कारण हे माप पाण्यासाठी बेतल्यासारखं आहे. एक लिटर पाण्याचं वजन एक किलो. तेव्हा सेकंदाला किती लिटर पाणी आणि ते किती मीटर वर, या दोन आकड्यांचा गुणाकार करायचा आणि शंभरानं भागायचं. झाले पोंसले. वॅट काढताना लागते ती ९.८ नं गुणायची भानगड नाही. पंच्याहत्तरनं भागलं तर अश्वशक्ती. शेताच्या बांधावर उभं राहून तोंडी होणारा हिशेब आहे हा.

माझ्या लहानपणी निपाणीकडच्या आजोळी विहिरीवर मोट चालायची. बैलजोडी धावेवरून उताराला चालत जायची, नाडा ताणला जायचा, कातडी मोट वर येऊन थारोळ्यात ओतायची. मोटेत १२० लिटर पाणी, विहीर १० मीटर खोल आणि मोट वर यायला २० सेकंद असं धरा. १२० गुणिले १० म्हणजे १२००, भागिले २० म्हणजे ६०. ही झाली ०.६ पोंसले, म्हणजे जोडीची ०.८ अश्वशक्ती. एका बैलाच्या वाट्याला ०.४. शिवाय बैलांना उलट पावली परत यावं लागायचं, तेवढा वेळ पाणी शून्य. दिवसभराची सरासरी काढली तर आकडा जवळपास निम्म्यावर येतो. आज त्याच विहिरीवर पाच एचपीची मोटर बसली आहे, आणि बटण दाबणाऱ्या नातवाला आपण किती बैल एकदम जुंपले याची कल्पना नसते.

गोकाकला घटप्रभेचं पाणी सुमारे ५२ मीटर खाली झेपावतं. सेकंदाला एक घनमीटर, म्हणजे हजार लिटर पाणी पडत असेल तर हजार गुणिले ५२ भागिले शंभर: ५२० पोंसले, सुमारे ५१० किलोवॅट. आणि पावसाळ्यात तिथं घनमीटर एकटा येत नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला याच पाण्याच्या जोरावर तिथली सूतगिरणी चालू लागली. झुलत्या पुलावर उभं राहून फोटो काढणाऱ्यांनी एकदा हा गुणाकारही करून बघावा, धबधबा वेगळाच दिसतो.

इथं एक अडचण सांगायला हवी, कारण तिच्यापायीच पोंसले मागे पडलं. 'एक किलो वजन' म्हणजे पृथ्वी एक किलो वस्तूला जितक्या जोरानं ओढते तितका जोर. पण ती सगळीकडे सारखी ओढत नाही. ध्रुवांकडे जास्त, विषुववृत्ताकडे कमी, उंचावर आणखी कमी. गुरुत्वत्वरण पॅरिसमध्ये ९.८१, तर बेळगावात सुमारे ९.७८. पॅरिसमध्ये बरोबर एक किलो दाखवणारा स्प्रिंगचा काटा इथं आणला तर तीच वस्तू जवळपास तीन ग्रॅमनं हलकी दाखवेल. म्हणजे पॅरिसचं पोंसले आणि बेळगावचं पोंसले वेगळं? ते होऊ नये म्हणून १९०१ साली ९.८०६६५ हा एक आकडा सगळ्यांसाठी ठरवून टाकला. त्यामुळेच पोंसलेच्या वॅटमध्ये ते ९८०.६६५ दिसतं. वॅटला मात्र पृथ्वीच्या ओढीची गरजच नाही, चंद्रावरही वॅट तोच.

आता ज्या माणसाचं हे नाव, त्याच्याकडे आणि त्याच्या चाकाकडे येतो. हा लेख खरं तर त्या चाकासाठीच लिहायला घेतला.

झां-व्हिक्तोर पोंसले १७८८ साली फ्रान्समधल्या मेत्झ गावी जन्मला. नेपोलियनच्या सैन्यात तो इंजिनिअर अधिकारी होता. १८१२ च्या रशिया मोहिमेत तो पकडला गेला आणि व्होल्गा नदीकाठच्या सारातोव्ह गावात कैदेत राहिला. हाताशी पुस्तक नाही, तेव्हा शिकलेली भूमिती आठवून आठवून त्यानं पुन्हा मांडली आणि पुष्कळ पुढे नेली. १८१४ साली सुटून घरी आला, १८२२ साली भूमितीवरचा ग्रंथ छापला, आणि मग हा माणूस वळला पाणचक्कीकडे.

त्या काळी सपाट मुलखातल्या नद्यांवर जी चाकं होती त्यांना पाणी खालून लागायचं. चाकाला सपाट फळ्या, वाहतं पाणी फळीवर आदळणार, फळी पुढे ढकलली जाणार. जॉन स्मीटन या इंग्रज इंजिनिअरनं १७५९ साली प्रयोग करून दाखवलं होतं की अशी चाकं पाण्याची फार तर एक तृतीयांश ताकद कामाला लावतात. वरून पाणी पडणारी चाकं दोन तृतीयांशापर्यंत जातात, पण त्यांना उंची लागते, आणि सपाट मुलखात ती आणायची कुठून?

पोंसलेनं दोन प्रश्न विचारले. पाणी चाकात न आदळता शिरेल का? आणि बाहेर पडताना आपला वेग चाकालाच देऊन, रिकाम्या हातानं जाईल का?

आदळणं का वाईट, ते स्लॅब घालताना बघा. घमेली हातोहात वर जातात. अनुभवी गडी घमेलं झेलताना हात थोडे मागे नेतो, घमेल्याबरोबर जातो. नवखा हात ताठ ठेवतो, तेव्हा दणका बसतो आणि काँक्रीट सांडतं. पाणी सपाट फळीवर आदळतं तेव्हा जो आवाज होतो, जो फेस उसळतो, ती सगळी वाया गेलेली ऊर्जा.

म्हणून पोंसलेनं फळ्या वाकवल्या, अशा की कडेला येणारं पाणी पात्याला घासून, त्याच्याच दिशेनं आत सरकावं. आणि चाकाची कड पाण्याच्या निम्म्या वेगानं फिरू दिली. पाणी सेकंदाला ६ मीटर वेगानं येतंय, चाकाची कड ३ मीटरनं पुढे जातेय. आता स्वतः त्या पात्यावर बसून बघा. तुम्ही ३ नं पुढे पळताय, म्हणून मागून येणारं पाणी तुम्हाला ३ च्याच वेगानं आत येताना दिसेल. ते वळणावरून वर चढतं, जवळपास ४६ सेंटीमीटर, आणि थांबतं. सायकल चढावर पायडल न मारता सोडली की थांबते, तसं. मग त्याच वळणावरून ते मागे घसरतं आणि पात्याबाहेर पडताना त्याचा वेग पुन्हा ३, पण आता उलट दिशेला.

आता पात्यावरून उतरून काठावर या. पातं ३ नं पुढे, पाणी पात्याच्या मानानं ३ नं मागे. बेरीज शून्य! काठावरच्या माणसाला दिसतं की पाणी नुसतं खाली गळून पडतंय. धावत्या रेल्वेतून गाडीच्याच वेगानं चेंडू मागे टाकला तर रुळांशेजारी उभ्या माणसाला तो सरळ खाली पडताना दिसेल, तसंच हे. सहाच्या वेगानं धावत आलेलं पाणी सगळं देऊन मोकळं झालं.

आकड्यांतही ते चोख उतरतं. ६ च्या वेगानं आलेल्या एक किलो पाण्यात गतिज ऊर्जा असते अर्धे गुणिले ६ चा वर्ग, म्हणजे १८ ज्यूल. पाण्याचा वेग ६ वरून शून्यावर आला, फरक ६. तो ज्या पात्याला ढकलून कमी झाला ते ३ नं चालत होतं. सहा त्रिक अठरा. सगळेच्या सगळे १८ ज्यूल चाकात! सपाट फळीवर पाणी आदळून फळीइतक्याच वेगानं, म्हणजे ३ नं पुढे जातं. फरक ३, फळीचा वेग ३, तीन त्रिक नऊ. उरलेल्या नवांपैकी साडेचार फेसात आणि आवाजात गेले, साडेचार पाणी स्वतःबरोबर घेऊन गेलं. मी हा हिशेब पहिल्यांदा केला तेव्हा वही मिटून घरात येरझाऱ्या घातल्या होत्या. नुसती फळी वाकवली आणि नवाचे अठरा झाले.

प्रत्यक्षात घर्षण असतं, पाण्याच्या थराला जाडी असते, ते थोडं तिरकं शिरतं. त्यामुळे पोंसलेच्या चाकाला साठ टक्क्यांच्या आसपास मजल मारता आली. तरी जुन्या चाकाच्या दुप्पट झाली ना! पुढे पेल्टन चाकाच्या, म्हणजे पाण्याच्या फवाऱ्यानं फिरणाऱ्या चाकाच्या, वाट्यांत हीच युक्ती आली: फवाऱ्याच्या निम्म्या वेगानं पळा आणि पाणी उलट फिरवून सोडा. आपल्या कर्नाटकातल्या शरावतीच्या १०३५ मेगावॅटच्या वीजकेंद्रातली चाकं याच जातीची आहेत.

आणि बघा, अठराचे अठरा मिळाले तरी एकोणीस मिळत नाहीत. मोबाइलवर 'वीज नको, डिझेल नको, आयुष्यभर फुकट पाणी' असे पंपांचे व्हिडिओ फिरत असतात. मोटर जनरेटर फिरवते, जनरेटर मोटरला वीज देतो आणि वर पाणीही उपसलं जातं, असं दाखवतात. ही सरळ फसवणूक आहे. पाण्याच्याच जोरावर पाणी उचलणारा हायड्रॉलिक रॅम हा खरा पंप आहे, पण तो बरंच पाणी खाली सोडून त्यातलं थोडंच वर चढवतो. तिथंही लिटर आणि मीटरचा गुणाकार चुकत नाही. कृपया त्या व्हिडिओतल्या फुकट पाण्याच्या यंत्राला पैसे देऊ नका.

हाच गुणाकार घेऊन मी गेल्या उन्हाळ्यात खानापूर तालुक्यात एका ओळखीच्या शेतकऱ्याकडे गेलो. पाणी कमी येतं म्हणून ते नवा बोअर मारायच्या बेतात होते. पाणाड्या तळहातावर नारळ घेऊन शिवार फिरून गेला होता, नारळ उभा राहिला तिथं खुंटी ठोकलेली होती. नारळ उभा करतो तो हाताचा तोल, जमिनीखालचं पाणी नव्हे. त्याच पाणाड्याचे डोळे बांधून त्याला दुसऱ्यांदा फिरवा, खुंट्या किती जुळतात ते दिसेल. मी त्यांना म्हटलं, बोअरचं नंतर बघू, आधी आहे त्या विहिरीचं पाणी मोजू.

"दीड इंच पाणी हाय की," ते म्हणाले. पण इंच ही धारेची जाडी, पाणी किती ते त्यावरून कळत नाही. आम्ही पाइपाखाली २०० लिटरचं बॅरल ठेवलं आणि मोबाइलवर वेळ लावली. बॅरल ५० सेकंदांत भरलं. सेकंदाला ४ लिटर. विहिरीतल्या पाण्यापासून पाइपाच्या तोंडापर्यंत उंची २४ मीटर. चार गुणिले २४ म्हणजे ९६. एक पोंसलेसुद्धा नाही. ०.९६ पोंसले, म्हणजे १.२८ अश्वशक्तीचं काम. आणि मोटर पाच एचपीची! विहिरीत पाणी भरपूर होतं. ताकद वाटेत मरत होती.

फूटव्हॉल्व्ह, म्हणजे पाइपाच्या पाण्यातल्या टोकाची झडप, काढून पाहिला तर जाळी पाल्यानं आणि गाळानं अर्धी बुजलेली. वर दोन इंची जुना पाइप, लांबलचक, तीन ठिकाणी काटकोनात वळवलेला. जाळी तिथंच साफ केली. पाइप अडीच इंची घाला आणि काटकोनाऐवजी गोल बेंड वापरा, एवढं सांगून मी परत आलो.

पंधरा दिवसांनी त्यांचा फोन आला. "सर, बॅरल एक्केचाळीस सेकंदांत भरलं. किती पोंसले झाले ओ?"

२०० भागिले ४१, गुणिले २४, भागिले शंभर. फोनवरच दोघांनी मिळून केलं: १.१७.