कालभेद (पुराणकथांतील)

दैवी लोक (ब्रह्मलोकासारखी स्थाने), माया किंवा वरदानाने आलेली निद्रा यांच्या प्रभावामुळे दोन ठिकाणी अथवा दोन व्यक्तींसाठी काळ निरनिराळ्या गतीने सरतो, ही भारतीय पुराणकथांतील एक अद्भुत कल्पना आहे. तिचे सर्वांत रेखीव उदाहरण म्हणजे रेवतीची कथा. ती हरिवंश, विष्णुपुराण (४.१) आणि भागवत (९.३) या तिन्ही ग्रंथांत येते. या ग्रंथांचा काळ निश्चित नाही. तरी हरिवंशातील कथा बहुधा सर्वांत जुनी आणि भागवतातील सर्वांत अलीकडची, असे सामान्यतः मानले जाते.

कुशस्थलीचा राजा ककुद्मी (रैवत) आपल्या मुलीसाठी योग्य वर कोण, हे विचारण्यासाठी रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी गेला. तेथे हाहा आणि हूहू हे गंधर्व गात होते, म्हणून तो गाणे संपेपर्यंत थांबला. नंतर त्याने मनातली स्थळे सांगितली, तेव्हा ब्रह्मदेव हसला आणि म्हणाला, की त्यांपैकी कोणीही आता उरलेले नाही, त्यांचे नातू-पणतूही गेले. राजा पृथ्वीवर परतला, तेव्हा त्याची नगरी पार पालटलेली होती, भाऊबंद राक्षसांच्या भयाने कधीच दाही दिशांना पांगलेले होते आणि माणसे ठेंगणी व निस्तेज झाली होती. त्याने रेवती बलरामाला दिली. ती फारच उंच असल्यामुळे बलरामाने नांगराच्या टोकाने तिला खाली ओढून इतर स्त्रियांएवढी केली, असे विष्णुपुराण सांगते. भागवतात हा प्रसंग नाही.

हा कालभेद नेमका कशामुळे घडला, याविषयी दोन मते संभवतात. विष्णुपुराणात अनेक युगे उलटूनही गाणे ऐकणाऱ्या राजाला ती एखाद्या मुहूर्ताएवढी (सुमारे ४८ मिनिटांएवढी) वाटली, असे म्हटले आहे. त्यावरून हा संगीतातील तल्लीनतेचा परिणाम ठरतो. हरिवंशात मात्र ब्रह्मलोकी जरा म्हणजे वार्धक्य नसते, असे स्पष्टीकरण येते, म्हणजे तो त्या स्थानाचाच गुण ठरतो. केवळ तल्लीनता मानली, तर इतक्या युगांनंतरही रेवती तरुण कशी राहिली, याचा उलगडा होत नाही; म्हणून दुसरे मत अधिक ग्राह्य वाटते.

कथेतील आकडे पुराणांच्या कालगणनेशी चांगलेच जुळतात. भागवतानुसार मधल्या काळात २७ चतुर्युगे (चार युगांची चक्रे) लोटली. विष्णुपुराणात राजा परततो तेव्हा २८ वे चतुर्युग सरत आलेले आहे आणि कली जवळ आला आहे. मनू, शर्याती, आनर्त, रेवत, ककुद्मी हा वंशक्रम पाहता राजा वैवस्वत मन्वंतराच्या (सध्या चालू असलेल्या, वैवस्वत मनूच्या कालखंडाच्या) आरंभीचा ठरतो, त्यामुळे दोन्ही विधानांत विरोध राहत नाही. एका चतुर्युगाची ४३,२०,००० मानवी वर्षे धरली, तर २७ चतुर्युगांची ११,६६,४०,००० वर्षे होतात. ब्रह्मदेवाचा दिवस १,००० चतुर्युगांचा आणि रात्रही तेवढीच. या ८६४ कोटी वर्षांच्या अहोरात्राचे ३० मुहूर्त केले, तर ब्रह्मदेवाचा एक मुहूर्त २८ कोटी ८० लाख वर्षांचा होतो. त्या हिशेबाने ककुद्मी ब्रह्मलोकी पाऊण घटकेहून (एक घटका म्हणजे अर्धा मुहूर्त) थोडा अधिक, म्हणजे आजच्या घड्याळाने सुमारे साडेएकोणीस मिनिटे थांबला असावा. एक गाणे ऐकायला एवढा वेळ अगदी स्वाभाविक आहे. कथाकारांनी हे गणित मांडून पाहिले होते की नाही, हे ग्रंथांत कोठे म्हटलेले नाही. तरीही हा मेळ लक्षणीय आहे.

देवांच्या वरदानाने गुहेत युगानुयुगे झोपलेल्या मुचकुंद राजाच्या कथेत (भागवत १०.५१–५२) हेच कार्य निद्रा करते. गुहेबाहेर आल्यावर माणसे, पशू आणि झाडे खुजी झालेली पाहून तो कलियुग आल्याचे ओळखतो. देहमान घटणे ही येथेही काळ लोटल्याची खूण आहे.

योगवासिष्ठात प्रकार उलटा आहे. ऐंद्रजालिकाने मोरपिसांचा कुंचा फिरवताच लवण राजा भर सभेत थोडा वेळ निश्चेष्ट होतो आणि तेवढ्यात चांडाळांच्या वस्तीतले संसार, दुष्काळ आणि वार्धक्य यांनी भरलेले एक आयुष्य भोगतो. पाण्यात बुडी मारलेल्या गाधी ब्राह्मणाचे आख्यानही याच जातीचे. मागाहून लवणाला ती वस्ती विंध्याच्या परिसरात खरोखरच सापडते, त्यामुळे याला निव्वळ स्वप्न म्हणता येत नाही.

हे ग्रंथ छापील रूपात सर्वदूर पोहोचण्यात मुंबईचा वाटा मोठा आहे. जावजी दादाजी यांच्या निर्णयसागर छापखान्याने आनंदबोधेंद्रांच्या टीकेसह योगवासिष्ठ प्रसिद्ध केले. त्याचे संपादन वासुदेव लक्ष्मणशास्त्री पणशीकर यांचे. खेमराज श्रीकृष्णदास यांच्या, १८७१ मध्ये सुरू झालेल्या श्रीवेंकटेश्वर छापखान्यातून पुराणांच्या आवृत्त्या निघाल्या.

रेवतीची कथा म्हणजे सापेक्षता सिद्धांताचे पूर्वज्ञान, असा दावा अलीकडे वारंवार केला जातो. तो स्वीकारणे कठीण आहे. आइन्स्टाइन यांनी १९०५ मध्ये मांडलेला कालविस्तार (गतिमान घड्याळ मंद चालणे) वेगावर अवलंबून आहे, तर पुराणांत राजाच्या प्रवासाच्या वेगाला काहीच महत्त्व नाही. तेथे भेद पृथ्वीलोक आणि ब्रह्मलोक या स्थानांचा आहे. भौतिकीतील कालविस्ताराशी मुंबईचा संबंध आहे तो होमी भाभा यांच्यामुळे. मुंबईत जन्मलेल्या भाभांनी १९३८ मध्ये असे दाखवून दिले, की विश्वकिरणांतील (अवकाशातून येणाऱ्या किरणांतील) जड कण आपोआप क्षय पावणारा असेल, तर त्याला घड्याळासारखे मानता येईल आणि तो गतिमान असताना त्याचा क्षयकाळ वाढलेला आढळेल.