पांढरं कोड म्हंजे महारोग नाही, कागदावरचा नंबर पाहा

आमच्या वर्धा-चंद्रपूरकडं अजूनही पोरीच्या हातावर पांढरा डाग दिसला की सोयरीक मोडते, काहून तर म्हणे कोड म्हंजे महारोगाची सुरुवात. हे साफ खोटं आहे. दवाखान्याच्या कागदावर आजाराचा जो नंबर लिवतात तोच पाहा ना, आयसीडी-10 म्हणतात त्याला, जागतिक आरोग्य संघटनेची यादी आहे ती. त्यात पांढऱ्या कोडाचा नंबर आहे एल 80, म्हंजे चामडीच्या आजारांच्या प्रकरणात, आणि कुष्ठरोगाचा, म्हंजे महारोगाचा, ए 30, जंतूंमुळे होणाऱ्या रोगांच्या प्रकरणात, दोघांचं घरच वेगळं. कोडात शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती रंग बनवणाऱ्या पेशी मारते, म्हणून जागा दुधासारखी पांढरी होते पण तिथं टोचलं तर कळते, आणि कोड शिवल्यानं कोणाला लागत नाही. कुष्ठरोगाचा चट्टा फिक्कट नाहीतर लालसर असतो आणि बहुतेक वेळा बधिर. तसा चट्टा दिसला तर लपवू नका, सरकारी दवाखान्यात एमडीटीच्या, म्हंजे अनेक औषधं एकत्र देतात त्या, गोळ्या फुकट मिळतात, 6 नाहीतर 12 महिन्यांत बरा होते. कुष्ठरोग्यांसाठीचं आनंदवन 1949 पासून वरोऱ्याला आहे, तरी आपण डाग पाहून माणूस दूर सारतो, याचं लय वाईट वाटते.