काळ्या यादीतला ठेकेदार आणि कोर्ट

रत्नागिरी-सिंधुदुर्गात रस्ते, साकव, धूपप्रतिबंधक बंधाऱ्यांची कामं घेणाऱ्यांत एक समज पक्का आहे: काळ्या यादीत नाव गेलं, म्हणजे सरकारी निविदा भरायला बंदी आली, की संपलं, निविदेच्या बाबतीत कोर्ट हात घालत नाही. हे खरं नाही.

निविदा कुणाला द्यावी यात कोर्ट सहसा पडत नाही, एवढाच भाग बरोबर. बंदीचं तसं नाही. म्हणणं ऐकल्याशिवाय काळ्या यादीत टाकता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1974 मध्येच सांगितलं. 2014 च्या गोरखा सिक्युरिटी निकालाने आणखी नेमकं केलं: काळ्या यादीची कारवाई प्रस्तावित आहे, हे कारणे दाखवा नोटिशीतूनच स्पष्ट कळलं पाहिजे. नुसतं ‘योग्य ती कारवाई करू’ पुरत नाही. त्याआधीच्या, 2013 च्या कुलजा निकालानुसार बंदी कायमची नसते. चूक जेवढी गंभीर, त्या प्रमाणातच बंदीची मुदत हवी.

बहुतेक प्रकरणं बिघडतात ती नोटिशीला उत्तरच न दिल्याने. पावसाने काम थांबलं असेल तर मुदतवाढीचे अर्ज, मोजमाप पुस्तिकेतल्या नोंदी, तारखेचे फोटो जोडून लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या.

बंदीचा आदेश आलाच तर त्याला आव्हान म्हणून संविधानाच्या कलम 226 खाली उच्च न्यायालयात रिट याचिका. या दोन जिल्ह्यांसाठी ऑगस्ट 2025 पासून मुंबई उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच आहे, रायगडकरांना मुंबईच. पुढची निविदा बंद होण्याआधी अंतरिम स्थगिती मागा. आदेश रद्द झाला तरी खातं नव्याने नीट नोटीस काढू शकतं, म्हणून कागद जपून ठेवा.