मारणं कुणाला शोभतं?

कराडात मी ज्या सलूनमध्ये जातो, तिथं दुपारभर टीव्हीवर डब केलेले दाक्षिणात्य पिक्चर चालू असतात. परवा हिरोनं एका फटक्यात पाच जण उडवले, तशी शेजारच्या खुर्चीतल्या पोरानं अंगावरच्या कापडाआतून बुक्की हाणली. कारागिरानं कात्री थांबवली. "हलू नकोस, कान जाईल."

१९६१ साली स्टॅनफर्ड विद्यापीठात मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट बंडुरा आणि सहकाऱ्यांनी नर्सरीतल्या ७२ मुलांवर एक प्रयोग केला. काही मुलांच्या देखत एका मोठ्या माणसानं हवेच्या बाहुल्याला हातोडीनं बदडलं. पुढं त्या मुलांनीही तसंच बदडलं. इथवर पुष्कळांना ठाऊक असतं. मला त्यातली दुसरीच नोंद महत्त्वाची वाटते. मारणारी बाई असली की काही पोरं बिचकायची, बायकांनी असं वागायचं नसतं म्हणायची. मारणारा पुरुष असला की कौतुक! वय सरासरी चार वर्षं चार महिने. मारायचं कसं हे ती खोलीत शिकली. मारणं शोभतं कुणाला, हे घरूनच शिकून आली होती.

'शेवटी व्हिलनला शिक्षा होतेच की' असं निर्माते सांगतात. १९६५ साली बंडुरा यांनी तेही तपासलं. मारणाऱ्याला शिक्षा झालेली पाहिली, तर मुलं नक्कल कमी करायची. पण बक्षीस देऊ म्हटल्यावर त्यांनीही बाकीच्यांइतकीच नक्कल करून दाखवली. धडा डोक्यात बसलेला होताच. आणि हिरोला तर शिक्षाही होत नाही.

एका सिनेमानं कुणी गुंड होत नाही. परिणाम किती मोठा यावर संशोधकांत अजून वाद आहेत. पण मर्दानगी पुन्हा पुन्हा सिद्ध करावी लागते, ही भावना हातापायांत उतरते. अमेरिकेत जेनिफर बॉसन आणि जोसेफ वँडेलो यांनी काही पुरुषांना केसांची वेणी घालायला लावली, काहींना दोरीची. मग विचारलं, कोडं सोडवता की पंचिंग बॅगवर ठोसे मारता? केसांची वेणी घातलेल्यांनी ठोसेच जास्त निवडले.

इथून जवळच गोळेश्वर, १९५२ साली हेलसिंकीत कुस्तीचं कांस्य जिंकणाऱ्या खाशाबा जाधवांचं गाव. तालमीत आधी सलामी, मग डाव. पाठ टेकली की हात सोडायचा. पडद्यावरच्या मारामारीत हे सोडणं कुठं दिसतं?

वेणीचा किस्सा मी कारागिराला सांगितला. तो हसायलाच लागला.

"आमचा जन्म केसांत गेला साहेब, आम्ही कुणाकुणाला बुकलायचं?"