धान्य-ममी

माती, वाळू आणि जव कालवून, साच्यात घालून केलेली ओसायरिस देवाची छोटी प्रतिमा. प्राचीन इजिप्तमध्ये तिला लिननच्या पट्ट्या गुंडाळत, मेणाचा मुखवटा चढवत आणि शवपेटीत ठेवून पुरत. आत देह नसे, हाडाचा तुकडाही नसे. तरी तिला खेळणे किंवा नक्कल समजणे चूक आहे, कारण पहिली ममी ओसायरिसचीच, अशी इजिप्शियनांची श्रद्धा होती.

ओसायरिसला त्याचा भाऊ सेथ याने मारले आणि देहाचे तुकडे करून देशभर विखुरले. पत्नी आयसिसने ते शोधून सांधले आणि तो मृतांचा राजा झाला. नाईलकाठच्या शेतकऱ्याला ही कथा दर वर्षी शेतात दिसे. पूर ओसरला की काळा गाळ उरे, त्यात बी पुरले की कोंब वर येई. चित्रांत ओसायरिसचा रंग कधी काळा, कधी हिरवा असतो. एक गाळाचा, दुसरा पिकाचा. अशा देवाची मूर्ती दगडात कोरून भागत नव्हते, ती उगवावी लागे.

या प्रथेचे जुने रूप म्हणजे ओसायरिस-शय्या. लाकडी चौकटीत देवाची आकृती करून ती गाळाने भरत, त्यात जव पेरत आणि कोंब फुटल्यावर सारे कापडात गुंडाळून थडग्यात ठेवत. फेअरो, म्हणजे इजिप्तचा राजा, तूतांखामेन याच्या थडग्यात अशी शय्या सापडली. त्याआधीचा दरबारी युया आणि त्याची पत्नी तुया यांच्या थडग्यातही ती होती. पुढे प्रथा थडग्यातून मंदिरात गेली. आज संग्रहालयांत असलेल्या धान्य-ममी बहुतेक इजिप्तच्या उत्तरकाळातील (सुमारे इ.स.पू. सातवे ते चौथे शतक) आणि त्यानंतरच्या ग्रीक-रोमन काळातील आहेत.

त्या कशा करत, याचे सर्वांत तपशीलवार वर्णन दक्षिण इजिप्तमधील डेंडेरा येथील हाथोर देवीच्या मंदिराच्या गच्चीवर, ओसायरिसच्या दालनांच्या भिंतींवर कोरलेले आहे. (पॅरिसच्या लूव्र संग्रहालयातील प्रसिद्ध गोल राशिचक्र याच दालनांपैकी एकाच्या छताचे.) विधी खोइआक महिन्यात, म्हणजे पुराच्या ऋतूच्या शेवटी, पेरणीच्या तोंडावर होई. सोन्याचा साचा दोन भागांचा आणि एक हात, म्हणजे सुमारे 52 सेंटिमीटर लांबीचा असे. 12 तारखेला दोन्ही भागांत वाळू आणि जव भरून ते दगडी कुंडात ठेवत आणि रोज पाणी घालत. 21 तारखेला दोन्ही अर्धे बाहेर काढून, एकमेकांना जोडून दोरीने बांधत आणि उन्हात वाळवत. दुसऱ्या दिवशी 34 लहान नौका आणि 365 दिव्यांसह देवांचा जलविहार होई. नवी प्रतिमा वर्षभर जपून ठेवत आणि मागच्या वर्षीची 30 तारखेला पुरत. म्हणजे पुरलेला देव आणि उगवलेला देव यांच्यात कधी खंड पडत नसे. या विधीतली हीच गोष्ट मला सर्वांत हृद्य वाटते.

याच विधीत सोकर या मृतांच्या देवाचीही प्रतिमा करत. तिच्यात धान्य उगवत नसत. माती, खजुराचा गर, धूप, सुगंधी द्रव्ये आणि 24 प्रकारच्या मौल्यवान खड्यांची पूड मळून ती घडवत. ग्रीक लेखक प्लूटार्क यानेही सुपीक माती, पाणी आणि महागडी सुगंधी द्रव्ये कालवून केलेल्या चंद्रकोरीसारख्या मूर्तीचा उल्लेख केला आहे.

इजिप्तमधील तेहना, शेख फद्ल, तूना अल-गबल अशा ठिकाणी सापडलेल्या धान्य-ममी साधारण 35 ते 50 सेंटिमीटर लांब आहेत. त्यांच्या लाकडी पेट्यांना पुष्कळदा ससाण्याचे डोके असते, कारण सोकरचे रूप तेच. त्यामुळे आत पक्षी किंवा मूल असावे असा समज सहज होतो. इस्रायलमधील हैफाच्या संग्रहालयातील दोन लहान ममींची 2020 मध्ये रुग्णालयात सीटी स्कॅनने तपासणी झाली, तेव्हा एकीत पक्षी निघाला आणि दुसरीत फक्त माती व धान्य.

थडग्यातला गहू हजारो वर्षांनीही उगवतो, असा प्रवाद एकोणिसाव्या शतकात युरोपात जोरात होता. तो खोटा आहे. इतके जुने धान्य रुजत नाही.

शाळांतून ममी करून घेतात, ती बहुधा बाहुलीवर चिंध्या गुंडाळून. त्यापेक्षा धान्य-ममी करावी. ती इजिप्तच्या विचाराच्या कितीतरी जवळची आहे. मात्र क्रम डेंडेराचाच पाळावा. नुसती माती सुकताना तडकते, म्हणून तिच्यात वाळू सढळ हाताने घालावी. जव आधी रात्रभर भिजवावेत, कोंब दिसेपर्यंत गोळा ओलसर राखावा, मग तो उन्हात पूर्ण वाळवावा आणि त्यानंतरच पट्ट्या गुंडाळाव्यात. ओल्या गोळ्यावर कापड चढवले तर आत बुरशी धरते.